कोलमचा बिशप आणि ठाण्याचे चार यति

ख्रिस्ती धर्म हिंदुस्थानांत पोर्तुगीजांच्या गलबतांतून आला आणि इंग्रजांच्या राज्यांत स्थिरावला, असा आपल्या सुशिक्षित वर्गाचाहि एक ठाम समज आहे. मलबारांतील सीरियन ख्रिस्ती समाजाची प्राचीनता पुष्कळांस ऐकून ठाऊक असते. परंतु ती गोष्ट दूरच्या केरळांतली, तिचा आपल्या महाराष्ट्राशीं काय संबंध, असें मानून आपण ती बाजूस ठेवतों. वस्तुस्थिति निराळी आहे. सहाव्या शतकाच्या मध्यास कॉस्मस नांवाचा अलेक्झांड्रियाचा एक व्यापारी, जो पुढें मठवासी झाला, आपल्या ग्रंथांत असें लिहून ठेवतो कीं, 'कल्लियाना' येथें ख्रिस्ती लोक असून त्यांचा बिशप इराणांतून नेमून येतो. हें कल्लियाना म्हणजे ठाणें जिल्ह्यांतील कल्याण होय, असें बहुतेक विद्वानांचें मत आहे. तें खरें असेल तर वेरूळचें कैलास लेणें कोरलें जाण्याच्या सुमारें दोनशें वर्षें आधीं उल्हास नदीच्या कांठीं एक बिशप नांदत होता, असें म्हणावें लागतें.

बिशप म्हणजे एखाद्या प्रांतांतील ख्रिस्ती मंडळीचा मुख्य धर्माध्यक्ष. कल्याणच्या त्या बिशपाचें नांव कॉस्मस देत नाहीं. उत्तर कोंकणाच्या इतिहासांत ज्याचें नांव, ज्याचीं पत्रें आणि ज्याचा ग्रंथ हीं तिन्ही आपल्या हातीं लागतात, असा ख्रिस्ती धर्माध्यक्ष त्यानंतर जवळजवळ आठशें वर्षांनीं भेटतो. त्याचें नांव जॉर्डानस. तो पुढें कोलमचा, म्हणजे केरळांतील कोल्लम बंदराचा, पहिला लॅटिन बिशप झाला; परंतु त्याच्या आयुष्याला वळण लागलें तें ठाण्यास आणि सोपाऱ्यास. त्याच्या चार सोबत्यांस ठाण्यांत मरण आलें, तो वांचला. मेलेल्या चौघांस पश्चिमेनें हुतात्मे म्हणून गौरविलें. वांचलेल्या पांचव्यास अभ्यासकांपलीकडे फारसें कोणी ओळखत नाहीं. ह्या पांचव्याचें चरित्र, जितकें कळतें तितकें, वाचकांपुढें ठेवावें आणि आपल्या इतिहासाशीं त्याचें काय नातें आहे तें पाहावें, एवढाच प्रस्तुत लेखाचा हेतु आहे.

प्रथम काळ लक्षांत घेतला पाहिजे. आमचें छत्रपति संभाजीनगर हें शहर मलिक अंबरनें १६१० सालीं खडकी ह्या नांवानें वसविलें. त्याहून कितीतरी वृद्ध असा देवगिरीचा किल्ला येथून पांचएक कोसांवर, वेरूळच्या वाटेवर उभा आहे. त्या किल्ल्यावर जें घडलें त्याचे पडसाद कोंकणच्या खाड्यांपर्यंत पोहोंचले. १२९६ सालीं अल्लाउद्दीन खिलजीनें रामदेवरायास अचानक गांठून अपार संपत्ति नेली. १३१३ च्या सुमारास शंकरदेव मारला गेला. १३१८ सालीं मुबारक खिलजीनें हरपाळदेवाचा क्रूर वध करून यादवांचें राज्य कायमचें बुडविलें. उत्तर कोंकणांतील शिलाहारांचें राज्य यादवांनीं त्यापूर्वीं अर्धें शतक जिंकून घेतलेलें होतें. त्यामुळें देवगिरी पडतांच ठाण्याचें बंदरहि दिल्लीच्या छायेखालीं आलें. दिल्लीस तरी स्थैर्य कोठें होतें? १३२० सालीं मुबारकाचा खून झाला, खुश्रूखान चार दिवस गादीवर बसला, आणि त्याच वर्षाच्या सप्टेंबरांत गियासुद्दीन तुघलक सुलतान झाला. ठाण्याचा जो प्रसंग पुढें सांगावयाचा आहे तो १३२१ च्या एप्रिलांतला. म्हणजे त्या वेळीं ठाण्यावरील अंमल तीन-चार वर्षांचा आणि दिल्लीची नवी गादी अवघ्या सात महिन्यांची होती. इकडे महाराष्ट्रांत ज्ञानेश्वरी सिद्ध होऊन एकतीस वर्षें लोटलीं होतीं. नामदेव हयात होते. आणि मंगळवेढ्याच्या वेशीबाहेर चोखोबा विठ्ठलाचें नांव घेत गांवकीचें काम करीत होते.

ठाणें हें त्या काळीं नुसतें खाडीकांठचें गांव नव्हतें. तेराव्या शतकाच्या अखेरीस मार्को पोलोनें ह्या बंदराचें जें वर्णन केलें आहे त्यांत तेथील व्यापाराबरोबर तेथील चांचेगिरीचाहि उल्लेख आहे. ठाण्याचा राजा चांच्यांशीं संधान बांधून होता, आणि लुटींत सांपडलेले घोडे राजाचे, बाकीचा माल चांच्यांचा, अशी त्यांची वांटणी ठरलेली होती, असें तो सांगतो. इराण, अरबस्तान आणि मिसर येथील माणसांची ठाण्यांत नित्य ये-जा होती. ह्याच ये-जेमुळें नेस्टोरियन पंथाचीं पंधरा ख्रिस्ती घरें तेथें होतीं. हा पंथ पांचव्या शतकांत रोमी ख्रिस्ती परंपरेपासून निराळा झालेला. त्याचें मूळपीठ इराक-इराणाकडे. रोमचे धर्मोपदेशक ह्या लोकांस पाखंडी समजत. परंतु परक्या बंदरांत उतरल्यावर आसरा मागावयाचा तो त्यांच्याचकडे.

जॉर्डानस हा डॉमिनिकन संघाचा यति. दक्षिण फ्रान्समधील सेव्हेरॅक हें त्याचें गांव, असें सामान्यतः मानलें जातें. त्या काळीं इराणांत मोंगल इलखानांचें राज्य होतें आणि तब्रीझ, सुलतानिया वगैरे शहरांत रोमच्या पोपांनीं आपले यति धाडलेले होते. १३१८ सालीं सुलतानियास आर्चबिशपाची गादीहि स्थापन झाली होती. जॉर्डानस ह्याच इराणी गोटांतला. फारसी भाषा त्याला चांगली येत असे. हिंदुस्थानांत कोलम येथें आणि मद्रासजवळ मैलापूर येथें संत थॉमसच्या परंपरेचे ख्रिस्ती आहेत, त्यांच्याकडे जावें, असा बेत करून तो हुर्मुझ बंदरांतून निघाला. बरोबर फ्रान्सिस्कन संघाचे चौघे होते: टोलेंटिनोचा वयोवृद्ध थॉमस, पादुआचा जेम्स, सिएनाचा पीटर, आणि अनेक भाषा जाणणारा जॉर्जियाचा दिमित्री. बेत कोलमचा होता. परंतु जहाजानें त्यांस ठाण्यास आणून सोडलें. नेस्टोरियनांच्या एका घरीं ते उतरले.

भडोचच्या बाजूला नांवापुरते ख्रिस्ती राहिलेले कांहीं लोक आहेत, त्यांस धर्माचें ज्ञान नाहीं, असें तेथें कळलें. फारसी येत असल्यामुळें जॉर्डानसनेंच तिकडे जावें असें ठरलें, आणि तो सोपाऱ्याच्या मार्गानें निघाला. हेंच सोपारें प्राचीन शूर्पारक होय, जेथें पंडित भगवानलाल इंद्रजींनीं १८८२ सालीं बौद्ध स्तूप उकरून काढला. जॉर्डानस तिकडे गेला आणि मागें ठाण्यांत, ज्या घरीं ते चौघे राहात होते त्या घरीं, नवराबायकोचें भांडण झालें.

हजारों कोसांवरून धर्मप्रसारास आलेल्या माणसांच्या मरणाचें कारण एखादी मोठी धर्मसभा किंवा राजाज्ञा नव्हती. तें एका घरांतील मारहाण होतें. नवऱ्यानें बायकोस मारलें. ती बाई स्वस्थ बसली नाहीं. ती उठून काजीकडे गेली आणि तिनें फिर्याद मांडली. काजीनें साक्षीपुरावा विचारला. तेव्हां तिनें सांगितलें कीं, आमच्या घरीं चार फिरंगी 'रब्बान' आहेत, त्यांनीं सारें डोळ्यांनीं पाहिलें आहे. काजीजवळ अलेक्झांड्रियाचा यूसुफ नांवाचा एक गृहस्थ होता. तो म्हणाला कीं, हे लोक विद्वान् असतात, त्यांस बोलवावें आणि धर्माविषयीं त्यांच्याशीं बोलावें. अशा रीतीनें साक्ष देण्यास म्हणून बोलावलेलीं माणसें वादांत ओढलीं गेलीं. ख्रिस्ताविषयीं प्रश्न झाले, त्यांस उत्तरें दिलीं गेलीं. मग मुसलमानांच्या पैगंबराविषयीं तुमचें मत काय, असा प्रश्न आला. यतींनीं टाळाटाळ करून पाहिली. परंतु आग्रह वाढला तेव्हां वृद्ध थॉमसनें जें उत्तर दिलें तें अत्यंत कठोर होतें. त्याची पुनरुक्ति करण्याचें येथें प्रयोजन नाहीं. सभा खवळली.

पुढील वृत्तान्त विस्तारानें सांगतो तो ओडोरिक नांवाचा फ्रान्सिस्कन यति. तो ह्या प्रसंगानंतर लवकरच ठाण्यास आला, पुढें चीनपर्यंत गेला, आणि १३३० सालीं इटलींत परत आल्यावर त्यानें आपला प्रवास एका सहकाऱ्याकडून लिहवून घेतला. त्याच्या कथनाप्रमाणें यतींस प्रथम भर उन्हांत उभें करण्यांत आलें. मग मोठी आग पेटवून जेम्स ह्यास तींत टाकलें, तरी तो न भाजतां बाहेर आला. दुसऱ्यांदा टाकलें, तरी तेंच. हें पाहून ठाण्याच्या अंमलदारानें, ज्यास ओडोरिक 'मलिक' ह्या पदवीनेंच ओळखतो, त्यांस गुपचूप खाडीपलीकडे पोहोंचविलें आणि जीव घेऊन पळा असें सांगितलें. परंतु काजीनें मलिकाचें मन फिरविलें. रात्रीं मारेकरी धाडण्यांत आले आणि थॉमस, जेम्स व दिमित्री ह्यांस ठार करण्यांत आलें. पीटर घरीं मागें राहिला होता; त्याचाहि एकदोन दिवसांत छळ करून वध झाला. हा एप्रिल १३२१ चा दुसरा आठवडा होता. पुढें ही हकीकत दिल्लीच्या बादशहाच्या कानीं गेली तेव्हां त्यानें मलिकास बोलावून नेऊन देहान्त शिक्षा केली आणि काजी पळून गेला, असेंहि ओडोरिक सांगतो.

ह्या कथेंतील अग्नीचा भाग वाचून आधुनिक वाचक हंसेल. परंतु आपण मराठी वाचकांनीं हंसण्याची घाई करूं नये. प्रल्हादास अग्नि जाळीत नाहीं, तुकोबांच्या वह्या इंद्रायणींत भिजत नाहींत, आणि महीपतीच्या 'भक्तविजया'च्या पानोपानीं असे प्रसंग आहेत. संतचरित्रकाराचा हेतु घडलेली गोष्ट मोजूनमापून सांगण्याचा नसतो. त्या गोष्टीचा अर्थ त्याच्या समाजाला काय वाटला तें सांगण्याचा असतो. तेव्हां चमत्कार सोडून द्यावा आणि चमत्काराच्या आजूबाजूला जें सहज निसटून गेलें आहे तें उचलावें, हाच अशा साधनांच्या वाचनाचा खरा नियम. चरित्रकार जें ठासून सांगतो त्यापेक्षां जें सांगतांना त्याचें लक्षहि नसतें, तें इतिहासाला अधिक मोलाचें असतें.

ह्या नियमानें पाहिलें तर ओडोरिकच्या कथनांतून चौदाव्या शतकाच्या ठाण्याचें एक चित्र उभें राहातें. ख्रिस्ती घरांतील स्त्री नवऱ्याविरुद्ध मुसलमान काजीकडे जाऊं शकते, आणि काजी तिची फिर्याद ऐकून साक्षीदार मागतो. म्हणजे नव्या अंमलाचें न्यायासन गांवच्या इतर धर्मीयांसहि परकें राहिलें नव्हतें. मलिक आणि काजी ह्यांच्यांत एकमत नाहीं. एकाला दंगा नको आहे, दुसऱ्याला धर्माचा अपमान सोसवत नाहीं. बंदरांत मिसरचा मनुष्य आहे, इराणी पंथाचे ख्रिस्ती आहेत, आणि लवकरच दिसेल त्याप्रमाणें इटलींतील जिनोव्हाचा एक तरुणहि आहे. ह्या प्रकरणाचा उपयोग करून कोणी एका धर्माच्या लोकांस सरसकट दोष देऊं जाईल, तर त्याच कथनांत असेंहि आढळतें कीं, यतींस पळून जाण्यास वाट करून देणारा मलिक मुसलमान, आणि अखेर त्या मलिकास शासन करणारा बादशहाहि मुसलमानच. उलट यति केवळ निष्पाप बळी होते असेंहि म्हणवत नाहीं. परक्याच्या घरीं राहून, परक्याच्या न्यायसभेंत, त्याच्या पैगंबराविषयीं जें बोलूं नये तें बोलण्यांत धैर्य होतें, तशीच मरणाची एक ओढहि होती. आणि त्या मार खाल्लेल्या बाईचें काय झालें? तिच्या फिर्यादीचा निकाल कोणींच लिहून ठेवला नाहीं. चौघांच्या हौतात्म्याच्या प्रकाशांत ती अंधारांत गेली.

जॉर्डानसला सोपाऱ्याच्या वाटेवरच सोबत्यांच्या अटकेची वार्ता लागली. तो मागें फिरला. परंतु पोहोंचला तेव्हां सर्व आटोपलेलें होतें. ठाण्यांत असलेल्या जिनोव्हाच्या त्या तरुणाच्या मदतीनें त्यानें चारी प्रेतें सोपाऱ्यास नेलीं आणि तेथील ख्रिस्ती मंदिरांत त्यांस मूठमाती दिली. पुढें ओडोरिक आला तेव्हां त्यानें त्या अस्थि उकरून काढून आपल्याबरोबर चीनला नेल्या. वाटेंत राहत्या घरास आग लागली तरी अस्थींचा कोपरा जळला नाहीं, आणि समुद्रांत वारा पडला तेव्हां एक अस्थि पाण्यांत सोडतांच वारा सुटला, असेहि चमत्कार तो सांगतो. हुतात्म्यांची कीर्ति अशी समुद्रापार वाढत गेली. सिएना येथील सेंट फ्रान्सिसच्या मंदिरांत अँब्रोजो लोरेन्झेत्ती ह्या विख्यात चित्रकाराचें फ्रान्सिस्कनांच्या हौतात्म्याचें एक भित्तिचित्र आहे. त्यांत ठाण्याचाच प्रसंग असावा असें कांहीं अभ्यासकांस वाटतें. १८९४ सालीं पोप तेरावे लिओ ह्यांनीं थॉमसच्या पूजनास अधिकृत मान्यता दिली.

आणि जॉर्डानस? तो ठाण्या-सोपाऱ्याच्या परिसरांतच राहिला. ही गोष्ट सांगावयास सोपी, परंतु विचार केला म्हणजे मन थबकतें. ज्या गांवांत सोबती मारले गेले, जेथें मारणारांस आपला चेहरा ठाऊक, जेथें आपल्या भाषेचा दुसरा मनुष्य सांपडणें दुर्मिळ, तेथें तो पुढें पावणेतीन वर्षें वावरला. त्याचीं दोन पत्रें उपलब्ध आहेत. पहिलें ऑक्टोबर १३२१ चें, बहुधा सौराष्ट्रांतील घोघा बंदरांतून इराणांतील यतींस लिहिलेलें. दुसरें १३२४ च्या आरंभीं ठाण्याहून लिहिलेलें. पहिल्या पत्रांत सोबत्यांच्या मृत्यूची वार्ता आहे आणि स्वतः केलेल्या कामाचा हिशेब आहे: भडोचला सुमारें नव्वद आणि पुढें आणखी वीसांहून अधिक, तसेंच ठाणें आणि सोपारें ह्यांच्या दरम्यान पस्तीस जणांस त्यानें बाप्तिस्मा दिला. हे आंकडे लहान आहेत म्हणूनच विश्वासार्ह वाटतात. बढाई मारणारा मनुष्य पस्तीसवर थांबत नाहीं. दुसरें पत्र मात्र करुण आहे. चांच्यांनीं पकडलें, तुरुंगांत टाकलें, लोकांनीं शिव्याशाप दिले, अंगावर यतीचा वेष राहिला नाहीं, नुसत्या सदऱ्यावर भिकाऱ्यासारखें हिंडावें लागलें. शरीरास व्याधि जडल्या. आणि सर्वांत मोठें दुःख म्हणजे एकटेपण. कोणी तरी या, असें तो पुन्हां पुन्हां विनवितो.

त्याच पत्रांत एक निराळें वाक्यहि आहे, आणि तें टाळून पुढें जाणें हा इतिहासाशीं अप्रामाणिकपणा होईल. ह्या समुद्रावर पोपानें दोन लढाऊ गलबतें ठेवलीं तर केवढा लाभ होईल आणि मिसरच्या सुलतानाचें केवढें नुकसान होईल, असा आशय तो मांडतो. सोबत्यांचीं प्रेतें वाहून नेणाऱ्या, अन्नवस्त्रास मोताद झालेल्या एका दीन यतीच्या लेखणींतून हा विचार यावा! ह्यानंतर एकशें चौऱ्याहत्तर वर्षांनीं, १४९८ सालीं, वास्को द गामा कालिकतास उतरला. १५०९ सालीं दीवच्या समुद्रांत पोर्तुगीजांनीं मिसरच्या आरमाराचा पाडाव केला. जॉर्डानसचें पत्र वाचून कोणी गलबतें धाडलीं असें नव्हे. परंतु धर्मप्रेम, आत्मत्याग आणि साम्राज्याचें स्वप्न हीं तिन्ही एकाच हृदयांत कशीं शेजारीं शेजारीं राहूं शकतात, ह्याचें इतकें लवकरचें आणि इतकें निरागस उदाहरण दुसरें क्वचितच मिळेल. आपल्याकडे ह्या गोष्टी नेहमीं वेगळाल्या माणसांत वांटून दाखविण्याची रीत आहे: मिशनरी एक तर साधु तरी, नाहीं तर हेर तरी. जॉर्डानस दोन्ही खान्यांत बसत नाहीं.

१३२८ च्या सुमारास तो युरोपांत परतलेला दिसतो. तेथें त्यानें लॅटिनमध्यें एक लहानसा ग्रंथ लिहिला, 'मिराबिलिया डेस्क्रिप्टा', म्हणजे 'आश्चर्यांचें वर्णन'. हा ग्रंथ १८३९ सालीं पॅरिस येथें छापला गेला आणि १८६३ सालीं हेन्री यूल ह्यांनीं त्याचें इंग्रजी भाषांतर प्रसिद्ध केलें. त्यांत सर्प आहेत, एकशिंगी पशु आहेत, मध्ययुगाला शोभतील अशा नवलकथा आहेत. परंतु ज्या प्रदेशांत आपण गेलों नाहीं तेथील गोष्टी आपण ऐकीव म्हणून सांगतों, असें तो स्पष्ट बजावतो. स्वतः पाहिलेल्या भागाविषयीं त्याची नजर मात्र स्वच्छ आहे. येथें पाऊस वैशाखाच्या अखेरीपासून भाद्रपदापर्यंतच पडतो, हें त्याला ठाऊक आहे. एका फणसांत पांच माणसांचें पोट भरतें, आंब्याची गोडी शब्दांनीं सांगतां येत नाहीं, नारळाच्या झाडाचें पाणी, तेल, दोरखंड सारें उपयोगीं पडतें, असें तो कौतुकानें लिहितो. वड, विड्याचें पान, मोठीं वटवाघुळें, लांकूड खाणारी वाळवी, कांहीं म्हणून सुटलेलें नाहीं. लोक बैलांकडून सर्व कामें करून घेतात आणि त्या बैलांस आईबापांसारखा मान देतात, हेंहि त्यानें टिपलें आहे.

समाजाविषयींच्या त्याच्या नोंदी ह्याहून मोलाच्या आहेत. अग्नीची पूजा करणारे, मृतांस न पुरतां न जाळतां बिनछपराच्या मनोऱ्यांत पक्ष्यांपुढें ठेवणारे लोक येथें आहेत, असें तो लिहितो. पारशांच्या दोखम्याचा युरोपियनानें केलेला हिंदुस्थानांतील अगदीं आरंभीचा उल्लेख तो हाच. सती जाणाऱ्या स्त्रिया लग्नास निघाल्याप्रमाणें आनंदानें अग्नींत शिरतात, एका पुरुषामागें पांच स्त्रिया गेलेल्या आपण पाहिल्या, असें तो सांगतो. त्याच्या शब्दांत भय आणि विस्मय ह्यांचें मिश्रण आहे. आणि आणखी एका वर्गाविषयीं त्यानें दोनच ओळी लिहिल्या आहेत: 'डुंब्री' म्हणून लोक आहेत, ते मेलेल्या जनावरांचें मांस खातात, दुसऱ्यांचीं हलकीं कामें करतात, ओझीं वाहतात. ह्या दोन ओळींपाशीं मराठी वाचकानें थांबावें. ह्याच पिढींत मंगळवेढ्यास चोखोबा हयात होते. १३३८ सालीं गांवकुसाची भिंत अंगावर कोसळून ते गेले. एका परदेशी यतीला थोड्याच वर्षांत जें दिसलें, तें आपल्या तत्कालीन राजांच्या ताम्रपटांत आणि प्रशस्तींत कोठेंहि सांपडत नाहीं. तें ऐकावयाचें तर चोखोबांच्या अभंगांतच.

सर्वांत आश्चर्य वाटतें तें दुसऱ्याच एका गोष्टीचें. ज्या देशांत त्याचे सोबती मारले गेले आणि स्वतः त्याचे हाल झाले, त्या देशांतील लोकांविषयीं सामान्य अभिप्राय देतांना तो म्हणतो कीं, हे लोक खाण्यापिण्यांत स्वच्छ, बोलण्यांत खरे आणि न्यायांत चोख आहेत. प्रत्येकाला ज्याच्या त्याच्या पायरीप्रमाणें हक्क मिळतो ह्याची ते काळजी घेतात. 'पायरीप्रमाणें' ह्या शब्दांत जें विष आहे तें त्याच्या ध्यानांत आलें नसावें. त्याच्या स्वतःच्या युरोपांतहि पायऱ्याच होत्या. त्याच्या मनांत पंथाभिमान आहे, मुसलमानांविषयीं कडवटपणा आहे, आणि लॅटिन लोक एक दिवस जग जिंकतील अशी आशाहि आहे. तरीहि दुःखानें त्याची नजर गढूळ झाली नाहीं. हीच मला त्याच्या संतपणाची खरी खूण वाटते.

९ ऑगस्ट १३२९ रोजीं पोप बाविसावे जॉन ह्यांनीं अॅव्हिन्यॉन येथून आज्ञापत्र काढून कोलम येथें बिशपाची गादी स्थापिली आणि त्याच महिन्यांत जॉर्डानस ह्यास तिच्यावर नेमलें. सुलतानियाच्या आर्चबिशपास द्यावयाचें अधिकारवस्त्र नेण्याचें कामहि त्याच्याकडे आलें. १३३० सालीं कोलमच्या ख्रिस्ती लोकांच्या नांवें पोपाचीं शिफारसपत्रें निघालीं. येथून पुढें कागदपत्रें मूक होतात. १३४८ च्या सुमारास मारिञोली नांवाचा पोपचा वकील चीनहून परततांना कोलमला उतरला. तेथें त्याला लॅटिन पंथाचें सेंट जॉर्जचें मंदिर आढळलें, परंतु तो जॉर्डानसचें नांव काढीत नाहीं. जॉर्डानसहि अखेर कोंकणांतच मारला गेला, अशी कथा पुढें रूढ झाली. तिला समकालीन आधार नाहीं. जणूं लोकांस वाटलें कीं, चौघे जेथें पडले तेथें पांचवाहि पडला असला पाहिजे. तो नुसता जगला आणि म्हातारा होऊन मेला, ही कल्पनाच चरित्रकारांस रुचली नाहीं. कोलमची ती गादी पुढें मोडली आणि १८८६ सालीं पुन्हां स्थापन झाली.

मरणाला एकदां सामोरें जाणें कठीण खरें. परंतु तें एका घटकेचें असतें. मित्रांस पुरून त्याच गांवांत रोज सकाळीं उठणें, तेथील माणसांत हिंडणें, त्यांचीं फळें चाखणें, त्यांचे सण, त्यांचीं चितास्थानें, त्यांच्यांतील दुबळ्यांचे हाल टिपणें, आणि शेवटीं त्यांच्याविषयीं बरा शब्द लिहून ठेवणें, ह्याला निराळ्या जातीचें धैर्य लागतें. हुतात्म्यांस चित्रें मिळालीं, अस्थींची यात्रा मिळाली, चमत्कार मिळाले. जॉर्डानसला एक लहान पुस्तक आणि दोन पत्रें एवढेंच मिळालें. परंतु तीं त्यानें स्वतः लिहिलेलीं आहेत, आणि त्यांत ठाणें-सोपाऱ्याचा एक काळ जपून राहिला आहे, जो आपल्या कोणत्याहि बखरींत नाहीं. यादवांचें राज्य बुडाल्यानंतरच्या पहिल्या कांहीं वर्षांत कोंकणचा सामान्य मनुष्य कसा राहात होता हें विचारावयाचें झालें, तर आपल्याला आज एका फ्रेंच यतीच्या दाराशीं जावें लागतें. त्याच्या मनांतील गलबतें त्याच्यापाशीं ठेवावीं आणि त्यानें आपल्यासाठीं राखून ठेवलेली साक्ष कृतज्ञतेनें घ्यावी, ह्यांतच इतिहासाच्या अभ्यासकाचा शहाणपणा आहे.